मुंबईतील बेघरांचे दैनंदिन जीवन आणि चित्रपट : एक ऐतिहासिक अभ्यास (१९५३ ते १९८८)

प्रस्तावना

अन्न, वस्त्र आणि निवारा या मानवाच्या मूलभूत गरजा होत, हे वाक्य आपण शालेय वयापासून वाचत आलो आहोत. यांपैकी अन्नाच्या प्रश्नाचा इतिहास दुष्काळांच्या निमित्ताने आणि वस्त्राचा इतिहास गिरणी उद्योगाच्या निमित्ताने बऱ्याच प्रमाणात लिहिला गेला. निवाऱ्याचाही इतिहास चाळींच्या, गृहनिर्माण संस्थांच्या आणि झोपडपट्ट्यांच्या रूपाने उपलब्ध आहे. परंतु ज्यांना चाळ नाही, झोपडी नाही, भाडेपावती नाही, अशा माणसांच्या जीवनाचा इतिहास लिहावयाचा झाल्यास अभ्यासकापुढे पहिली अडचण साधनांची उभी राहते. पत्ता नसलेल्या माणसाची नोंद राहत नाही. शिधापत्रिका, मतदार यादी, शाळेचा दाखला, बँकेचे खाते या सर्वांची सुरुवात पत्त्यापासून होते. शासकीय दप्तरात बेघर माणूस प्रामुख्याने दोन वेळा दिसतो. एक म्हणजे त्याला उठविले जाते तेव्हा आणि दुसरी म्हणजे त्याची शिरगणती होते तेव्हा.

जनगणनेने बेघरांची जी व्याख्या स्वीकारली आहे ती या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. इमारतीत अथवा घरात न राहता उघड्यावर, रस्त्याच्या कडेला, पदपथावर, मोठ्या पाइपांमध्ये, उड्डाणपुलांखाली, जिन्यांखाली, धर्मस्थळांच्या आवारात किंवा रेल्वे फलाटावर राहणाऱ्यांचा समावेश तीत होतो. २०११ च्या जनगणनेत २८ फेब्रुवारीच्या रात्री अशा लोकांची मोजणी झाली आणि देशभरात सुमारे १७.७३ लाख व्यक्तींची नोंद झाली. ही माणसे त्या रात्री कोठे होती, हे या आकड्यावरून कळते. ती सकाळी किती वाजता उठली, पाणी कोठून आणले, सामान कोणाच्या भरवशावर ठेवून कामाला गेली, हे मात्र कळत नाही. दैनंदिन जीवनाची ही बाजू जेथे काही प्रमाणात टिकून राहिली आहे, असे एक साधन म्हणजे चित्रपट होय.

अभ्यासाची उद्दिष्टे व पद्धती

प्रस्तुत शोधनिबंधाची उद्दिष्टे तीन आहेत. पहिले, स्वातंत्र्योत्तर काळात मुंबईत निर्माण झालेल्या निवडक चित्रपटांत बेघरांच्या रोजच्या जगण्याचे चित्रण कसे बदलत गेले हे पाहणे. दुसरे, या बदलाचा त्याच काळातील शासकीय धोरण आणि न्यायालयीन निर्णयांशी असलेला संबंध तपासणे. तिसरे, बेघरांचे चित्रण करणारा आणि ज्यांचे चित्रण होते ते, यांच्यातील नात्याचा विचार करणे.

अभ्यासासाठी 'दो बिघा जमीन' (१९५३), 'बूट पॉलिश' (१९५४), 'श्री ४२०' (१९५५), 'शहर और सपना' (१९६३), 'चक्र' (१९८१), 'सलाम बॉम्बे' (१९८८) हे कथापट आणि 'हमारा शहर' (१९८५) हा माहितीपट निवडला आहे. यांपैकी 'दो बिघा जमीन'चे कथानक कलकत्त्यात घडते. परंतु तो मुंबईच्या चित्रसृष्टीत घडलेला असल्याने आणि पुढील चित्रपटांचा पाया त्याने घातल्याने त्याचा समावेश आवश्यक वाटतो. 'चक्र'मधील पात्रे काटेकोर अर्थाने पदपथावरची नसून झोपडीतली आहेत. तथापि पदपथ आणि झोपडी यांच्यातील अंतर एका पत्र्याचे असते, हेच त्या चित्रपटाचे सांगणे असल्याने तोही विचारात घेतला आहे. या सर्व चित्रपटांकडे कलाकृती म्हणून पाहण्यापेक्षा ऐतिहासिक साधन म्हणून पाहण्याचा हा प्रयत्न आहे.

पार्श्वभूमी : शहराची वाढ आणि पदपथ

१९५१ च्या जनगणनेनुसार बृहन्मुंबईची लोकसंख्या सुमारे ३० लाख होती. १९६१ मध्ये ती ४१.५ लाख, १९७१ मध्ये जवळजवळ ६० लाख आणि १९८१ मध्ये ८२ लाखांच्या पुढे गेली. फाळणीनंतर आलेले निर्वासित, कोकण व घाटावरून गिरणीत आलेले कामगार, तमिळनाडू, आंध्र आणि उत्तर भारतातून आलेले भूमिहीन शेतमजूर, आणि १९७२ च्या दुष्काळाने गाव सोडलेली मराठवाडा व अहमदनगर भागातील कुटुंबे या सर्वांना शहराने काम दिले. घर दिले नाही. बिगारी, हमाल, हातगाडीवाले, कचरा वेचणाऱ्या बायका, घरकाम करणाऱ्या मोलकरणी यांच्या कामाचे स्वरूपच असे होते, की पहाटे लवकर कामाच्या जागी असणे आवश्यक होते. उपनगरातून येण्याजाण्याचे भाडे रोजाच्या मजुरीत बसत नव्हते. त्यामुळे जेथे काम तेथे मुक्काम, हा पदपथावरील वस्तीचा नियम झाला.

साहित्याने या जीवनाची दखल चित्रपटाच्या बरोबरीने, काही बाबतींत त्याच्या आधी घेतली. अण्णाभाऊ साठे यांच्या कथा, बाबुराव बागूल यांचा 'जेव्हा मी जात चोरली होती' हा १९६३ मधील कथासंग्रह, त्याच वर्षीची जयवंत दळवी यांची 'चक्र' ही कादंबरी, पुढे १९७२ मधील नामदेव ढसाळ यांचा 'गोलपिठा' यांनी मुंबईच्या तळाचे जग मराठी वाचकासमोर ठेवले. हे लेखन लक्षात घेतल्याशिवाय चित्रपटांतील बदलाचे मूल्यमापन करणे योग्य होणार नाही.

पहिला टप्पा : पदपथ एक मुक्काम

१९५२ च्या जानेवारीत मुंबईत पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला आणि इटालियन नववास्तववादी चित्रपट येथील दिग्दर्शकांनी पाहिले. दुसऱ्याच वर्षी बिमल रॉय यांचा 'दो बिघा जमीन' प्रदर्शित झाला. शंभू या शेतकऱ्याला जमीनदाराचे २३५ रुपयांचे कर्ज तीन महिन्यांत फेडावयाचे आहे. त्यासाठी तो मुलासह कलकत्त्यास येतो. शहरातील पहिली रात्र पदपथावर जाते आणि त्याच रात्री त्याचे सामान चोरीस जाते. पुढे तो माणसांनी ओढावयाची रिक्षा ओढतो आणि मुलगा बूट पॉलिश करतो. बेघरपणाच्या चित्रणातील एक महत्त्वाची गोष्ट येथे प्रथम ठळकपणे दिसते. ती म्हणजे हिशेब. दिवसाला किती मिळाले, किती खर्च झाले, किती उरले, याची मोजदाद हाच चित्रपटाचा कणा आहे. शंभूच्या दृष्टीने शहर हा तात्पुरता मुक्काम आहे, कारण त्याला परत जावयाचे आहे. चित्रपटाच्या शेवटी तो परत जातो तेव्हा त्याच्या जमिनीवर कारखाना उभा राहत असतो आणि मूठभर माती उचलण्याचाही अधिकार त्याला उरलेला नसतो.

'बूट पॉलिश' हा राज कपूर यांनी निर्मिलेला व प्रकाश अरोरा यांनी दिग्दर्शित केलेला चित्रपट दोन अनाथ भावंडांचा आहे. भीक मागण्यापेक्षा काम करावे हा त्याचा संदेश आहे. मुलांचे काम, त्यातील लाज आणि अभिमान, ब्रश विकत घेण्यासाठी पैसे साठविणे, पावसाळ्यात धंदा बसणे हे तपशील त्यात आहेत. शेवटी मात्र मुलांना सुखवस्तू कुटुंबाचा आधार मिळतो आणि प्रश्न व्यक्तिगत पातळीवर सुटतो. या चित्रपटानंतर पाच वर्षांनी, १९५९ मध्ये, मुंबई राज्यात भिक्षाप्रतिबंधक कायदा झाला. उपजीविकेचे दृश्य साधन नसताना सार्वजनिक जागी भटकणे यालाही त्या कायद्याने भिक्षेच्या व्याख्येत बसविले. भीक आणि श्रम यांच्यात चित्रपटाने जी नैतिक रेषा ओढली, तिचे कायद्यातील रूप असे कठोर होते.

'श्री ४२०' मध्ये ख्वाजा अहमद अब्बास यांनी लिहिलेल्या कथेत पदपथावरचे जग एका मोठ्या कुटुंबासारखे येते. ललिता पवार यांनी साकारलेली केळेवाली गंगा माई ही त्या कुटुंबाची आई आहे. शंभर रुपयांत घर देणारी 'जनता घर' ही योजना आणि तीत बेघर लोकांनी आपली पै पै गुंतविणे हा या चित्रपटातील सर्वांत ऐतिहासिक भाग मानावा लागेल. घराचे स्वप्न हेच गरिबांना लुबाडण्याचे साधन होऊ शकते, हे स्वातंत्र्यानंतर अवघ्या आठ वर्षांत लोकप्रिय चित्रपटाने सांगितले. असे असले तरी पदपथावर रात्री गाणे होते, सकाळ मात्र फारशी दिसत नाही. हा पदपथ प्रामुख्याने स्टुडिओत उभारलेला होता. स्टुडिओत पाऊस पाडता येतो, पण नळावरची रांग, शौचाची अडचण, पालिकेच्या गाडीची भीती या गोष्टींची गरज कथेला वाटली नाही.

याच अब्बास यांनी आठ वर्षांनी स्वतः दिग्दर्शित केलेला 'शहर और सपना' पाहिला की, एकाच लेखकाच्या दृष्टीत झालेला बदल लक्षात येतो. मुंबईत आलेला एक तरुण आणि एक तरुणी यांचा संसार येथे मोठ्या पाइपात मांडला जातो. या चित्रपटास १९६३ चा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पाइप ही प्रतीकात्मक जागा नव्हती. जलवाहिन्यांच्या कामासाठी रस्त्याकडेला टाकलेल्या पाइपांत कुटुंबे राहत होती आणि जनगणनेच्या व्याख्येतही पाइपाचा उल्लेख करावा लागला, हे वर नमूद केलेच आहे. पाइपात उभे राहता येत नाही, दार लावता येत नाही, तरीही तेथे चूल पेटते, ही गोष्ट चित्रपटाने नोंदविली. 'श्री ४२०' मधील पदपथ हा घराकडे जाण्याच्या वाटेवरचा मुक्काम होता. 'शहर और सपना' मधील पाइप हेच घर होते.

दुसरा टप्पा : 'चक्र' आणि एका पत्र्याचे मोल

जयवंत दळवी यांच्या कादंबरीवरून रवींद्र धर्मराज यांनी 'चक्र' दिग्दर्शित केला. हा त्यांचा एकमेव कथापट ठरला. चित्रपटाच्या आरंभी गाव सोडून आलेले एक जोडपे दिसते. झोपडीसाठी पत्रा चोरताना पोलिसांच्या गोळीने नवरा मरतो आणि अम्मा मुलासह वस्तीत राहू लागते. निवाऱ्याची किंमत येथे अक्षरशः प्राणाने मोजलेली आहे. स्मिता पाटील यांनी अम्माची भूमिका केली व त्यासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८१ मध्ये लोकार्नो महोत्सवात चित्रपटास सर्वोच्च पारितोषिक प्राप्त झाले. शेवटी बुलडोझर येऊन वस्ती सपाट करतो. शीर्षकाचा अर्थ तेथे स्पष्ट होतो. ही माणसे दुसरीकडे जाऊन पुन्हा पत्रे उभे करणार आहेत.

या चित्रपटाच्या संदर्भात एक प्रसंग चित्रपटाबाहेर घडला आणि तोही इतिहासाचा भाग आहे. उघड्यावर स्नान करणाऱ्या अम्माचे दृश्य जाहिरातीच्या फलकांवर झळकले. वस्तीतील स्त्रीच्या रोजच्या अडचणीचे चित्र शहराच्या चौकात प्रेक्षक खेचण्यासाठी वापरले गेले. स्मिता पाटील यांनी मुलाखतीत याविषयीची आपली नाराजी व्यक्त केली होती. ज्यांना राहावयास जागा नाही, त्यांना स्नानासाठी आडोसा कोठून मिळणार, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. दैनंदिन वास्तव पडद्यावर आणणे आणि ते विकणे यांतील सीमारेषा किती पातळ असते, हे या घटनेतून दिसते. बेघर स्त्रीला पुरुषापेक्षा अधिक सोसावे लागते ते याच ठिकाणी. अंधार पडेपर्यंत किंवा उजाडण्यापूर्वी सर्व विधी उरकणे, तारुण्यात आलेल्या मुलीला रात्री मध्ये झोपविणे, कपडे बदलण्यासाठी दोन बायकांनी साडी धरणे, या गोष्टी कोणत्याही दप्तरात नोंदल्या जात नाहीत.

१९८१ ते १९८५ : बसगाडी, न्यायालय आणि 'हमारा शहर'

'चक्र' ज्या वर्षी प्रदर्शित झाला त्याच वर्षी पडद्यावरची गोष्ट शहरात प्रत्यक्ष घडली. १३ जुलै १९८१ रोजी महाराष्ट्राचे तत्कालीन मुख्यमंत्री ए. आर. अंतुले यांनी मुंबईतील पदपथवासीयांना हटवून त्यांच्या मूळ गावी अथवा शहराबाहेर पाठविण्याची घोषणा केली. पावसाळ्यात अशा तकलादू निवाऱ्यात राहणे अमानवी आहे, असे कारण देण्यात आले. भर पावसाळ्यात ते निवारे पाडण्यात आले. या कारवाईविरुद्ध पत्रकार ओल्गा टेलिस, पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज आणि काही पदपथवासी सर्वोच्च न्यायालयात गेले.

निकालपत्रात नोंदलेल्या दोन अर्जदारांची माहिती चित्रपटाच्या कथेइतकीच बोलकी आहे. एक जण तमिळनाडूतील सेलमहून १९६१ मध्ये आलेला भूमिहीन मजूर होता. पश्चिम द्रुतगती महामार्गाच्या पदपथावर प्लास्टिक व कॅनव्हासच्या निवाऱ्यासाठी त्याच्याकडून २,५०० रुपये उकळण्यात आले होते. २३ जुलै १९८१ रोजी त्याचा निवारा पाडून त्याला कुटुंबासह सेलमच्या बसमध्ये बसविण्यात आले. बायको व मुली तेथे राहिल्या. तो काम शोधण्यासाठी पुन्हा मुंबईला आला आणि पुन्हा पदपथावर राहू लागला. दुसरा अर्जदार तत्कालीन अहमदनगर (आताच्या अहिल्यानगर) जिल्ह्यातील संगमनेरहून १९६९ मध्ये आला होता. गावात तो चांभारकाम करून दिवसाला सात-आठ रुपये मिळवीत असे. त्याचे गावातले घर पडले होते. मुंबईत त्याला बदली कामगार म्हणून महिना ३५० रुपयांचे काम मिळाले. तुळशीवाडीच्या पदपथावरील जागेसाठी त्याने स्थानिक गुंडाला ३०० रुपये दिले आणि बांबू व प्लास्टिकसाठी ७०० रुपये खर्च केले.

या नोंदींतून शासनाच्या धोरणातील मूलभूत गृहीतकच कोसळते. बेघर माणसाचे खरे घर दुसरीकडे कोठेतरी आहे व त्याला तेथे पोहोचविले की प्रश्न मिटतो, असे ते गृहीतक होते. प्रत्यक्षात एकाचे घर पडलेले होते, तर दुसऱ्याच्या गावी काम नव्हते. 'दो बिघा जमीन'मधील शंभूही २३५ रुपयांसाठी शहरात आला आणि परतल्यावर त्याला जमीन मिळाली नाही. १९५३ मधील पडदा आणि १९८१ मधील न्यायालयीन अर्ज यांच्यात अठ्ठावीस वर्षांचे अंतर असूनही दोन्ही साधने एकच गोष्ट सांगतात, ही बाब विचारात घेण्याजोगी आहे.

१० जुलै १९८५ रोजी सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील घटनापीठाने निकाल दिला. उपजीविकेचा हक्क हा राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील जीविताच्या हक्काचाच भाग आहे, आणि माणसे पदपथावर राहतात ती काम जवळ असते म्हणून, हे न्यायालयाने मान्य केले. मात्र पदपथावरील अतिक्रमण हटविण्याचा पालिकेचा अधिकारही वैध ठरविला. ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, म्हणजे पावसाळा संपेपर्यंत, निवारे हटवू नयेत आणि १९७६ च्या गणनेत नोंद झालेल्यांना पर्यायी जागा द्यावी, असे निर्देश दिले. तत्त्व मोठे होते, पण हाती आलेली सवलत एका पावसाळ्यापुरती होती. त्याच वर्षी स्पार्क या संस्थेने भायखळा परिसर व मुख्य रस्त्यांवरील सुमारे ६ हजार पदपथवासी कुटुंबांची पाहणी प्रसिद्ध केली. तिच्या अहवालाच्या शीर्षकात या लोकांनी स्वतःला 'अदृश्य' म्हटले होते.

आनंद पटवर्धन यांचा 'हमारा शहर' हा माहितीपट याच वर्षीचा. सोळा मिलिमीटरच्या हलक्या कॅमेऱ्यामुळे दिग्दर्शकाला स्टुडिओची गरज उरली नव्हती. निवारे पाडणारे कर्मचारी, पावसात भिजणारे सामान, अधिकाऱ्यांच्या व सुखवस्तू नागरिकांच्या मुलाखती आणि इमारती बांधूनही उघड्यावर झोपणारे मजूर यांना एकमेकांसमोर ठेवून हा माहितीपट शहर कोणाचे, असा प्रश्न विचारतो. शाहीर विलास घोगरे यांचे गायन हा त्याचा आत्मा आहे. वस्तीतलाच माणूस येथे वस्तीची कथा सांगतो. 'श्री ४२०' मधील पदपथावरचे गाणे आणि घोगरे यांचा पोवाड्याच्या वळणाचा आवाज यांत जो फरक आहे, तो दोन कालखंडांतील फरक आहे. हेच घोगरे जुलै १९९७ मध्ये रमाबाई आंबेडकर नगरातील पोलीस गोळीबारानंतर आत्महत्या करून गेले. पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' (२०११) त्यांच्याच स्मृतीतून उभा राहिला.

'हमारा शहर'मधील एक प्रसंग प्रस्तुत विषयाच्या केंद्रस्थानी आहे. निवारा पाडला गेलेली एक स्त्री कॅमेऱ्यामागील माणसांवरच संतापते. आमची चित्रे काढून तुम्ही नाव मिळवाल, आम्हाला काय मिळणार, अशा आशयाचे तिचे बोलणे आहे. दिग्दर्शकाने हा प्रसंग कापला नाही. दयेचा विषय म्हणून दाखविली जाणारी स्त्री येथे चित्रपटाचीच उलटतपासणी करते. इतिहास संशोधकालाही हा प्रश्न टाळता येत नाही, कारण आपणही याच माणसांच्या जीवनावर निबंध लिहीत असतो.

तिसरा टप्पा : 'सलाम बॉम्बे' आणि पाचशे रुपये

मीरा नायर यांच्या 'सलाम बॉम्बे'ने या प्रश्नाला आपल्या परीने उत्तर देण्याचा प्रयत्न केला. रस्त्यावर राहणाऱ्या मुलांसाठी बॅरी जॉन यांच्या मार्गदर्शनाखाली कार्यशाळा घेण्यात आली व त्यांतील मुलांनीच भूमिका केल्या. चित्रण प्रत्यक्ष ठिकाणी झाले. कृष्णा ऊर्फ चायपाव याला घरी परत जाण्यासाठी ५०० रुपये हवे आहेत. तो चहा पोहोचवितो, कोंबड्या सोलतो, लग्नात वाढपी होतो. हे सारे काम मुलांच्या परिचयाचे असल्याने त्यांच्या हालचालींत अभिनयाचा भास होत नाही. तो आईला पत्र लिहवून घेतो, पण पुरता पत्ता त्याला सांगता येत नाही आणि ते पत्र जात नाही. त्याची बचत त्याच्याच मित्राच्या व्यसनात संपते. पत्ता आणि परतीचे पैसे ही बेघरपणाची दोन सूत्रे येथे एकत्र येतात. शंभूचे २३५ रुपये आणि कृष्णाचे ५०० रुपये यांच्यात पस्तीस वर्षांचे अंतर आहे. रक्कम वाढली, परतीची वाट मात्र उघडली नाही.

या चित्रपटाला कान महोत्सवात कॅमेरा डोर हा पुरस्कार आणि ऑस्करचे नामांकन मिळाले. त्याच्या यशातून १९८८ मध्ये रस्त्यावरील मुलांसाठी सलाम बालक ट्रस्टची स्थापना झाली. चित्रपटाने चित्रित समाजाला काही परत दिल्याचे हे एक ठळक उदाहरण होय. असे असूनही कृष्णाची भूमिका करून सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळविणारा शफीक सय्यद पुढे बंगळूरमध्ये रिक्षा चालवून उदरनिर्वाह करू लागला, हेही वृत्तपत्रांतून प्रसिद्ध झाले आहे. रिक्षा चालविणे हे प्रतिष्ठेचेच काम आहे. परंतु 'हमारा शहर'मधील स्त्रीचा प्रश्न पुरस्काराने संपत नाही, हे त्यावरून दिसते.

निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात.

१. १९५० च्या दशकातील चित्रपटांत बेघरपणा हा प्रवासातील टप्पा होता. १९६३ पासून, आणि विशेषतः १९८० च्या दशकात, तो कायमचे वास्तव्य म्हणून चित्रित होऊ लागला.

२. चित्रपटाची दृष्टी जेव्हा दैनंदिन तपशिलाकडे, म्हणजे पाणी, काम, हिशेब, झोप आणि हकालपट्टी यांकडे वळली, तेव्हा 'मूळ गावी परत पाठवा' या विचारातील पोकळपणा उघड झाला. सर्वोच्च न्यायालयासमोरील अर्जांनी तीच गोष्ट वेगळ्या भाषेत सांगितली.

३. स्त्रियांच्या बाबतीत हे दैनंदिन वास्तव अधिक कठीण आहे आणि त्याचे चित्रण अधिक सहजपणे विक्रीची वस्तू बनते. 'चक्र'च्या जाहिरातींचा इतिहास याची साक्ष देतो.

४. चित्रपट हे साधन म्हणून वापरताना अभ्यासकाने कथेच्या शेवटापेक्षा तिच्या वाटेतील किरकोळ तपशिलांना अधिक महत्त्व द्यावे. शेवट बहुधा लेखकाच्या इच्छेतून येतो. नळ, पत्रा, पाइप आणि पैशांचा हिशेब हे तपशील मात्र बहुतांशी रस्त्यावरून आलेले असतात.

५. चित्रण करणाऱ्याचे चित्रिताशी असलेले नाते हा साधनचिकित्सेचाच भाग मानला पाहिजे.

मुंबईच्या पदपथांवर आजही रात्री माणसे झोपतात आणि सकाळ होण्यापूर्वी अंथरूण गुंडाळून कामाला निघतात. त्यांच्या दिवसाची नोंद कोणी ठेवावी, हा प्रश्न इतिहासाच्या अभ्यासकांसमोर आहे. चित्रपटाने काही दिवसांची नोंद ठेवली. उरलेल्या दिवसांसाठी त्या माणसांचे स्वतःचे शब्द, मौखिक इतिहासाच्या रूपाने, महाविद्यालयांनी आपापल्या परिसरात संकलित करावेत. हे काम करताना त्या अनामिक स्त्रीचा प्रश्न सतत समोर ठेवावा, असे नम्रपणे सुचवावेसे वाटते.